हात वर धरा, वकीलसाहेब

सरकारी दवाखान्याच्या तळमजल्यावर एक्स-रेच्या खोलीला लागून एक अरुंद खोली आहे. तिच्या फरशीवर बारा महिने पांढरी पावलं उमटलेली असतात. मोडके हातपाय घेऊन माणसं तिथे येतात आणि मामा त्यांना प्लास्टर घालतात. आईबापांनी त्यांचं काही नाव ठेवलं होतं म्हणे, पण सगळा दवाखाना त्यांना प्लास्टरमामाच म्हणतो. तेवीस वर्षं हेच काम. हजेरीपटावर मात्र 'मदतनीस'.

डॉक्टर हाड जागेवर बसवतात आणि पुढच्या पेशंटकडे जातात. मग पट्टी कोमट पाण्यात सोडायची, बुडबुडे थांबले की हलकेच पिळायची, न ओढता गुंडाळायची, तळव्याने गुळगुळीत करायची, हे सगळं मामांचं.

चार वर्षांपूर्वी सूचनाफलकावर खात्याचा कागद लागला. जो मदतनीस आपल्या सुट्टीच्या दिवशी शिकून वर्षाचा अभ्यासक्रम पुरा करील, त्याला तंत्रज्ञाची वेतनश्रेणी. खाली सही, शिक्का, सगळं यथासांग. अकरा जणांनी नावं दिली. मामांनी त्रेपन्नाव्या वर्षी वही घेतली, तेव्हा मामी पोट धरून हसल्या. पण पुस्तक हातात धरून प्रश्न विचारायला त्याच बसल्या.

"मनगटात हाडं किती?"

"आठ."

"तरीच माझं मनगट दुखतं. मी आपली तुमच्या पँटी पिळण्यावर ढकलत होते."

वर्षभर एकही रविवार घरी गेला नाही. अकराच्या अकरा पास झाले. निकाल लागला आणि महिन्याभरात फलकावर दुसरा कागद आला: नवी श्रेणी फक्त नव्या भरतीला, जुन्यांनी आहे तिथेच राहावं. मामांनी तो दोनदा वाचला आणि चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचला. मजकूर काही बदलला नाही.

अकरा जण कोर्टात गेले. तारखांवर तारखा पडल्या. बाकीच्या दहा जणांपुढे नोकरीची वर्षं होती. मामांची निवृत्ती सात महिन्यांवर आली. घरी ते कमी बोलत. एकदाच मामींना म्हणाले, "पैशाचं सोड गं. मदतनीस म्हणून आलो आणि मदतनीस म्हणूनच गेलो, तर मधली तेवीस वर्षं मी केलं काय?"

अखेर निकालाआधीची शेवटची सुनावणी लागली, मंगळवारी. आणि आदल्या शुक्रवारी खात्याचे वकील कोर्टाच्या पायऱ्यांवरून घसरले. मनगट मोडलं. हाड बसवून डॉक्टर गेले आणि वकीलसाहेब मामांच्या स्टुलावर येऊन बसले. मामांनी त्यांना बघताक्षणी ओळखलं. वकिलांनी काही ओळखलं नाही. अंगावर एप्रन असला की माणसाचा चेहरा कोण बघतो?

दारातून वॉर्डातली मावशी पुटपुटली, "मामा, जरा आवळून बांधा."

"तू आपला कापूस आण," मामा म्हणाले.

प्लास्टर सुकत आल्यावर त्यांनी सांगितलं, "हात छातीच्या वर धरायचा. खाली लोंबला की बोटं सुजतात. बाकी मंगळवारी कोर्टात भेटूच. मी अकरातला एक."

वकीलसाहेब प्लास्टरइतकेच पांढरे पडले. "हे आत्ता सांगताय?"

"आधी सांगितलं असतं तर तुम्ही हात आखडला असता. पट्टी वाकडी बसली असती."

मंगळवारी वकीलसाहेब बोलायला उभे राहिले. "ही माणसं कापूस देणारी, बादली भरणारी," ते म्हणाले. "तांत्रिक काम यांचं नव्हे." बोलता बोलता ते रंगात आले आणि प्लास्टरचा हात खाली लोंबायला लागला. मामांची नजर त्यांच्या बोटांवर. बोटं फुगली, लाल झाली. शेजारी बसलेल्या मामींनी मामांची बाही धरली, पण उशीर झाला होता.

"वकीलसाहेब, हात वर धरा," मामा बाकावरून म्हणाले.

वकीलसाहेबांनी मुकाट्याने हात वर केला.

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "मध्ये बोलायचं नाही," ते मामांना म्हणाले. मग वकिलांकडे वळले. "हे प्लास्टर कोणी घातलं?"

वकीलसाहेब भला माणूस. मामांकडे बोट करून म्हणाले, "यांनीच, महोदय. छान बसलंय."

हशा पिकला. तो ओसरल्यावर न्यायाधीश म्हणाले, "पण हा खटला तुमच्या मनगटावर उभा नाही. पहिल्या कागदावर सही कोणाची?"

"खात्याची."

"त्या सहीवर विसंबून या लोकांनी वर्षभराच्या सुट्ट्या खर्ची घातल्या. खात्याला धोरण बदलता येतं. पण असा शब्द देऊन, लोकांनी त्यातली अट पुरी केल्यावर, त्यांना साधं न विचारता तो मागे घेता येत नाही. याला कायद्यात रास्त अपेक्षा म्हणतात."

निकाल पंधरा दिवसांनी लागला, अकराही जणांच्या बाजूने. खात्याने अपील केलं नाही. वकीलसाहेबांनीच तसा सल्ला दिला, अशी बोलवा आहे.

आदेश दवाखान्यात आला तेव्हा कारकुनाने नवी नोंदवही उघडली. प्रत्येकाने आपलं नाव आणि पद स्वतःच्या हाताने लिहायचं होतं. वयाचा मान म्हणून मामा पहिले. त्यांनी पेन झटकलं, खुर्ची पुढे ओढली, नाव लिहिलं आणि 'प्लास्टर तंत्रज्ञ' अशी मोठी अक्षरं काढली की रकाना ओलांडून ती थेट समासापर्यंत गेली.

"मामा, तीन ओळी खाल्ल्यात तुम्ही," कारकून म्हणाला. "बाकीच्यांनी कुठे लिहायचं?"

"पुढच्या पानावर," मामा म्हणाले आणि शाई सुकेपर्यंत तिथेच फुंकर घालत बसले.