विहिरीवरची बाई

भयकथा काय असते ते मला आमच्या आंजी गावात, सहावीत असताना पहिल्यांदा कळलं. कळलं कसलं, नुसता गोंधळ झाला!

शाळेच्या कपाटातून एक पुस्तक आणलं होतं. त्यात एक उलट्या पायांची बाई विहिरीच्या काठावर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला पाणी मागते, आणि तिची हाक आली की गाववाले जीव घेऊन पळतात. ते वाचलं आणि मी भर दुपारीसुद्धा पाण्याला जाईना. दोन दिवस घागर रिकामी पाहून आईनं बाबांना सांगितलं.

आता पंचाईत बघा. आम्ही नुकतीच बौद्ध धर्माची दीक्षा घेतलेली. बाबांनी घरातले देव स्वतःच्या हातानं पवनारला धाम नदीत सोडलेले, भूत-भानामतीचं तर नावही काढू देत नसत. आणि त्यांचीच पोर भुताला भ्यालेली! लाज वाटायची, पण भीती काही जाईना. भूत नाहीच, तर मी भ्याले कशाला? डोकंच चालेना.

"पुस्तकातून हेच येत असंन तं चुलीत घालतो," बाबा म्हणाले. "आन् शाळाबी बस झाली."

मी पुस्तक छातीशी धरलं. घरात वाचता येणारी मी एकटीच. पण बाबा न्यायाचे. "पह्यले वाचून दाखव. आयकल्याबिगर नाई जाळत."

अंगणात उन्हात बसून वाचायला लागले. बाई पाणी मागते तिथं बाबांनी हात वर केला.

"थांब. काय मांगून राह्यली थे?"

"पाणी."

"मंग कोनं देलं काऊन नाई?"

मी मागची-पुढची पानं चाळली. कुठंच लिहिलेलं नव्हतं. "भूत हाय नं थे, बाबा."

"अवं, मराच्या आंधीबी मांगतच असंन!" बाबा म्हणाले. "माही माय अशीच बसे गावच्या इहिरीपाशी. गाववाले इहिरीले हात नाई लावू देत. कोनी वरतून ओतंन तवा घागर भरे."

बाबा रडतील की काय, असं वाटलं. आता भ्यायचं कोणाला, बाईला की पळणाऱ्यांना? पुस्तक त्यांनी माझ्या हातातून घेऊन मिटलं आणि माझ्या मांडीवर ठेवलं. "उद्या शाळेत नेऊन दे. आन् दुसरं घेऊन येजो."

मी घागर आणि गडू घेऊन आमच्या वस्तीतल्या विहिरीवर गेले. तिथं कोणी नव्हतं. घागर भरून घरी आणली.

"गडू कुठी हाय वं?" आईनं विचारलं.

काय सांगणार? भरून काठावर ठेवून आले होते.