आत्याचा भारा

यांची कंपनी बंद पडली तेव्हा डोंगराच्या पायथ्याचं वरकस विकायचं ठरलं. वरकस म्हणजे काय, तर उताराची माळजमीन. भात होत नाही, पण गवत आणि ऐनाची झाडं भरपूर. वरच्या अंगाला लागूनच सरकारी जंगल. मध्ये कुंपण नाही, दगड नाही. पण आमच्यात कधी कोणी चुकलं नाही, कारण आमचे ऐन दरवर्षी छाटलेले असायचे, बुटके, गाठी आलेले. छाटलेलं झाड संपलं की जंगल लागलं. एवढं सोपं!

छाटायचे ते राबासाठी. भाताचं रोप टाकायच्या जागेवर आम्ही फांद्या पसरून जाळतो, तोच राब. यांच्या आत्याला खाडीकडच्या गावी दिलेली. तिकडे चिखल आणि मिठागरं, झाड औषधाला नाही. म्हणून शिमग्याच्या आधी ती माहेरी यायची आणि फांद्यांचा भारा डोक्यावर घेऊन जायची. साडीचोळी दिली नाही तरी चालेल, पण भारा हवा. तिच्या आईने लावून दिलेली रीत होती ती.

सातबाऱ्यावर आत्याचंही नाव होतं, म्हणून रजिस्ट्रेशनला तिलाही न्यावं लागलं. घेणारे साहेब विरारला फ्लॅटमध्ये राहणारे, मूळचे देशावरचे, शेतकरी असल्याचा दाखला असलेले. आमचा गट जंगलात येत नाही असं वनखात्याचं पत्रही जोडलं होतं. ऑफिसात फोटो काढायचा कॅमेरा नवीनच आलेला. आत्या त्याच्यापुढे अशी ताठ बसली, जशी काय बघायला आलेत तिला!

कागद लिहिणाऱ्याने चारी बाजूंच्या हद्दी वाचून दाखवल्या. "पूर्वेस राखीव जंगल."

"आन माझा भारा?" आत्या म्हणाली.

"आत्याबाई, हक्क सोडला असं लिहिलंय वर."

"जमीन सोडली रं. भारा कुठं सोडला?"

सगळे हसले. साहेबही हसले. "या की आत्या, खुशाल न्या. आमच्या झाडांची तेवढीच हजामत!"

माणूस वाईट नव्हता, खोटं बोलत होता असंही नाही. आत्याने अंगठा दिला, आणि बोटाची शाई माझ्या पदराला पुसली.

पुढच्या शिमग्याआधी ती तापाने पडून होती, आली नाही. त्याच्या पुढच्या वर्षी आली ती एसटीतून उतरून परस्पर वरकसात. कोयता पिशवीत, भाऱ्याखाली डोक्यावर ठेवायची चुंबळ कमरेला. तोवर साहेबांनी घरासाठी उतार सपाट करून घेतला होता. ऐन एक उरला नव्हता. आम्हालाही ठाऊक नव्हतं हो, विकल्यावर आमचे पाय तिकडे वळलेच नव्हते.

आत्या आपली झाडं शोधत वर गेली. उंच, सरळ ऐन दिसले. तिला वाटलं, दोन वर्षं कोणी छाटले नाहीत म्हणून वाढले असतील. चढली आणि लागली तोडायला.

निरोप आला तसे आम्ही दोघं धावत गेलो. आत्या जंगलखात्याच्या चौकीबाहेर पायरीवर बसलेली, फांद्या समोर पडलेल्या. गार्ड तरणा पोरगा.

"आजी, झाडं कोणाची?"

"माझ्या भावाची."

"भावाची जमीन विकली ना?"

"झाडं कुठं गेली मंग? तू सांग, झाडं कुठं गेली?"

यांनी हात जोडले. वय बघून सोडलं तिला, पण कोयता आणि फांद्या तिथंच राहिल्या. वाटेत हे चिडले. "मला सांगायचंस ना आधी! चोरासारखी काय गेलीस?" आत्या भराभर पुढे चालू लागली. चोर हा शब्द तिला लागला असणार. यांनाही लागला, कारण घरी आल्यावर ते जेवले नाहीत.

मी परसातल्या आंब्याच्या फांद्या तोडायला निघाले. "र्‍हाऊ दे गो," ती म्हणाली, "तो खायचा आंबा हाय."

शेवटी पिशवीत नारळ, पापडी गावच्या बाजारातली केळी, काय काय भरून दिलं. एसटीच्या थांब्यावर मी तिच्याजवळ उभी होते. पिशवी खाली ठेवलेली, चुंबळ कमरेला तशीच. तिचा हात मात्र सारखा डोक्याकडे जात होता, भारा कलता होईल म्हणून धरायला जातो ना, तसा.