मोरवाली चादर

वसंताचे किस्से मी ठरवून साठवले नाहीत, ते भीतीनं साठले. घाबरलेला माणूस काही विसरत नाही, आणि मी वसंताकडे प्रॉडक्शन मॅनेजर होतो तोवर रोज घाबरलेलाच होतो.

वसंता म्हणजे आर्वीच्या कापडवाल्या काकांचा एकुलता एक पोरगा. मूळ गाव रोहणा. नव्वदच्या पुढेमागे तो मुंबईला गेला, शाळेपासूनचा दोस्त म्हणून मलाही ओढून नेलं आणि के. रोहन या नावानं पिक्चर काढू लागला. कसले? ज्यांना लोक तोंडावर रुमाल धरून आत शिरतात, तसले. थोडं भूत, थोडी मारामारी, बाकी सगळी गादी. काकांना मात्र सांगितलं होतं, धार्मिक सिरीयल काढतो.

काका कापड मोजून झालं की वर चार बोटं जास्त सोडून कात्री लावायचे. सख्ख्या भावानं एकदा गिऱ्हाइकाला मापात मारलं, तर काकांनी त्याच्याशी बोलणं टाकलं, ते भाऊ मरेपर्यंत. वसंताला पोलिसांची भीती नव्हती, सेन्सॉरची नव्हती, एवढीच होती. "बाबाले कळलं तं माह्याशी बोलनं टाकतीन," तो म्हणायचा, आणि ती भीती त्यानं मलाही लावून दिली.

*

लॉजच्या गादीवर तसंच झोपू नका म्हणून काकांनी आमच्यासाठी चादरींचा गठ्ठा पाठवला. केशरी रंग, मधोमध हिरवा मोर. अर्ध्या आर्वीनं घेऊनही दुकानात उरलेला माल होता तो.

सेटला पैसे नसायचे. वसंतानं त्याच चादरी शूटिंगच्या पलंगांवर टाकल्या. ठाकूरच्या पलंगावर मोर, नव्या नवरीच्या पलंगावर मोर, चेटकिणीच्या पलंगावरही मोर! नागपूरच्या होस्टेलमधली पोरं मोर दिसला की शिट्ट्या मारू लागली. के. रोहन कुणाला ठाऊक नव्हता, पण "मोरवाल्याचा नवा आला काय?" असं तिकीट खिडकीवर विचारायची. वसंता खूश झाला. मला घाम फुटला, कारण मोर आता पोस्टरवरही आला होता.

*

आणि तो पिक्चर फिरत फिरत आर्वीला लागला. एसटी स्टँडसमोर पोस्टर, त्यावर हातभर मोर. ज्या गावात घरोघरी काकांनीच ती चादर विकली, त्या गावात!

वसंतानं मला मुंबईहून पिटाळलं. मी खळ घेऊन गेलो आणि टॉकीजमध्ये हाताला लागली ती पट्टी मोरावर चिकटवली. पट्टीवर लिहिलं होतं, आज शेवटचा दिवस. झालं, गर्दी उसळली. मालकानं पिक्चर आणखी आठवडाभर ठेवला आणि पट्टीला हात लावू देईना. "लोक रोजच शेवटचा दिवस समजून येऊन राह्यले," तो म्हणाला, "मी काऊन काढू?"

काकांचा जायचा-यायचा रस्ता स्टँडवरूनच. तो आठवडा मला जेवण गेलं नाही.

*

काकांचा फोन आला की वसंता आधी सिगारेट विझवायचा, मग उभा राहायचा. एकदा फोन आला तेव्हा मागे ताईचा सीन चालू होता. ताई म्हणजे आमची नेहमीची हिरॉईन. युनिटमध्ये सगळे तिला ताईच म्हणत. ती जीव तोडून किंचाळत होती. मी रिसीव्हरला दुसऱ्या बाजूनं कान लावून उभा.

"कोन रडून राह्यलं रे?" काकांनी विचारलं.

"सती हाय बाबा. दुष्ट लोकं तिचं लुगडं वढून राह्यले."

"मंग देव काऊन नाई आला?"

"देवाच्या डेट्स नाई भेटल्या, बाबा."

"लवकर बलाव त्याले," काका म्हणाले आणि त्यांनी फोन ठेवला.

*

पुढे वसंताला अवदसा आठवली आणि त्यानं भुताच्या पिक्चरसाठी नाचणगावची एक बंद पडलेली कापसाची जिनिंग मिल भाड्यानं घेतली. तिथून आर्वी अशी कितीशी लांब! मी नको नको म्हणत होतो. एक दिवस दुपारी फाटकात काका उभे, हातात पुरणपोळ्यांचा डबा.

ताई तेव्हा टॉवेलवर होती. "आरती लावा," वसंता ओरडला. मी पलंगावरची मोरवाली चादर ओढून ताईला डोक्यापासून पायापर्यंत गुंडाळलं. गावचं भजनी मंडळ शूटिंग बघायला आलेलंच होतं, ते उभं केलं. बराच वेळ त्यांनी टाळ कुटले आणि वसंता "कट, वन मोअर" करत राहिला. कॅमेऱ्यात रीळ नव्हतं, भजनावर कोण वाया घालवणार?

काका ताईकडे बघत होते. "पोरीले बरं नाई काय?"

"थंडीताप आहे, काका," मी म्हणालो.

"मंग उभी काऊन ठेवली तिले?"

त्यांनी स्वतः खुर्ची आणली आणि पहिली पोळी तिच्यापुढे धरली. चादर सुटेल म्हणून ताईला हात बाहेर काढता येईना. काकांनी घास तोडून तिला भरवला. ताई खाता खाता रडायला लागली, आणि या वेळी तो सीन नव्हता.

भजनी मंडळाचे म्हातारे नंतर कित्येक वर्षं मला विचारायचे, "आमचा सीन कधी येते?"

*

त्यानंतर वसंता घरी जाईना. "बाबा डोयात पाह्यतीन अन् संपलं," म्हणायचा. दर दिवाळीला आर्वीला मी जायचो, खोटं बोलायचो, फराळाचे डबे घेऊन परतायचो. माझी मलाच किळस यायची.

अशाच एका दिवाळीत काकांनी दुकानात माझ्यापुढे गठ्ठा ठेवला. जाड सोलापुरी चादरी होत्या.

"मोराच्या खपल्या," ते म्हणाले. "ह्या ने."

"गादीसाठी का, काका?"

"नाई. त्या पोरीच्या अंगावर टाकाले." त्यांनी मीटरपट्टी हातात घेतली. "पाच पिक्चर पाह्यले मी. एकातबी तिच्या अंगावर धड कापड नाई."

मी गठ्ठा काखेत मारला.

"वसंताले सांगजो, कापडवाल्याचा पोरगा हायेस म्हनाव. अन् पुढच्या दिवाळीले सोता येजो म्हनाव."

मग ते गिऱ्हाइकाकडे वळले, कापड मोजलं, वर चार बोटं सोडली आणि कात्री लावली.