झेलीची वरच्या पाण्याची जागा

झेलीला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, बाई मुकीच आहे. आठवलं की अजून हसू येतं. नदीच्या घाटावर आम्ही धुणं बडवता बडवता अख्ख्या गावाची लफडी पिळून काढायचो, आणि ही आपली पेंढा घातलेल्या लाकडी खोक्यात गुडघे टेकून गप्प. नंतर कळलं, बोलायला अंगात जीवच उरत नव्हता. नवरा लढाईत गेलेला, अर्ध्या गावाचं धुणं हिच्या अंगावर.

एवढीच चैन होती तिला, वरच्या टोकाची जागा. आईकडून आलेली. नितळ पाणी आधी तिच्याकडे, साबणाचं गढूळ पाणी आम्हा खालच्यांना. म्हणून तर डॉक्टरीणबाई, नोटरीणबाई अशा बड्या घरच्या बायका हिलाच चादरी द्यायच्या.

मग पॅरिसहून सिनेमावाले आले. त्यांना एका प्रसंगात चर्चची दानपेटी फोडणारी बाई हवी होती. झेलीचा दमलेला चेहरा पाहिला आणि तिलाच चर्चच्या पायऱ्यांवर गुडघ्यांवर बसवलं. भोवती सगळं गाव, बोटं दाखवत.

थंडीत कॅफेत चादर टांगून तो मुका सिनेमा दाखवला. शाळेचे मास्तर पडद्यावर लिहून येणारी वाक्यं मोठ्यानं वाचत होते. ‘हीच ती चोर’ हे असं काही ठसक्यात वाचलं की सगळ्यांनी वळून झेलीकडेच पाहिलं. त्याआधी आम्ही सिनेमा पाहिला होता कुठे?

दुसऱ्या दिवशी फिलोमेन, चर्चची घंटा वाजवणाऱ्याची बायको, वरच्या जागेवर बसली आणि झेलीला खाली जा म्हणाली.

“अगं, ते खोटं होतं,” झेली म्हणाली.

“मग डोळ्यांत पाणी खरं कसं आलं?”

“गुडघे दुखत होते.”

कुणाला पटलं नाही. झेली खाली गेली. चादरी करड्या पडायला लागल्या. नोटरीणबाईंनी धुणं काढून घेतलं. मी म्हटलं, बये, भांड की जरा. तर म्हणे, दिवसभर वाकल्यावर भांडायला ताठ कोण होणार?

शेवटी डॉक्टरीणबाईंचा निरोप आला, या खेपेला चादरी पांढऱ्या निघाल्या नाहीत तर बस्स. झेलीनं खोकं उचललं, वर गेली आणि फिलोमेनच्या शेजारी ठेवलं.

“फिलोमेन, सिनेमातल्या त्या गर्दीत तूही होतीस. खाटकाच्या कमरेला हात घालून.”

सगळ्यांचे हात थांबले. फिलोमेन लालबुंद.

“तो हात सिनेमावाल्यानं ठेवायला लावला.”

“मलाही त्यानंच बसवलं. सरक.”

फिलोमेन वीतभर सरकली.

“अजून,” झेली म्हणाली.

पुटपुटत का होईना, सरकली.