सान्तान्देरचं मैदान आणि वेंकोबरावांची वही

वेंकोबराव गेले, हे मला त्यांच्या मुलीनं, वीणानं, फोनवर सांगितलं. मी म्हैसूरात, बोगादीतल्या आमच्या फ्लॅटच्या गॅलरीत कपडे वाळत घालत होते. "टीचर, अप्पा होगबिट्रू... सकाळी गेले," एवढं बोलून ती थांबली. आधी कन्नड आली तिच्या तोंडून, मग मराठी. मी काहीतरी बोलायचं म्हणून विचारलं, "औषधं घेत होते ना?" आणि स्वतःचाच राग आला. त्याला आता सहा आठवडे झाले. इतके दिवस लिहायचं टाळत होते, कारण त्यांच्याबद्दल लिहायचं तर माझ्याबद्दलही लिहावं लागणार.

मी मूळची साताऱ्याची. शाळेत मराठी शिकवून निवृत्त झाले आणि मुलाच्या नोकरीपायी म्हैसूरला येऊन पडले. एकदा कुवेंपुनगरच्या बसमध्ये मी फोनवर बहिणीला झापत होते, तेव्हा पुढच्या सीटवरचे एक वयस्क गृहस्थ सबंध वळून माझं बोलणं ऐकायला लागले. मी डोळे वटारले. ते हसून म्हणाले, "आमचंच बोलणं की हो! सुम्ने, उगीच ऐकत होतो, राग धरू नका." हे वेंकोबराव. त्यांचं घराणं कित्येक पिढ्यांपूर्वी इकडे आलेलं, कापड रंगवणारं. रंगाच्या हौदात कुणी हात घालून आता जमाना झाला. वेंकोबराव स्वतः पोस्टात सॉर्टिंगला होते. शाळा कन्नड, नोकरी इंग्रजी आणि जेवणाच्या ताटावर मराठी. त्या मराठीत दर चौथा शब्द कन्नड असायचा. मला ती ऐकताना गंमत वाटायची आणि, खरं सांगते, थोडी कीवही यायची.

त्यांच्या घरी गेलं की कॉफीबरोबर सान्तान्देर यायचंच. उत्तर स्पेनमधलं हे समुद्रकाठचं शहर वेंकोबरावांनी कधी पाहिलं नव्हतं. तिकिटं जमवण्याच्या नादात त्यांना तिथला एक पत्रमित्र मिळाला होता, मीगेल. शहरातल्या जुन्या फुटबॉल मैदानावर चुन्याच्या रेषा मारायचं काम तो करायचा. त्याच्या आधी त्याचे वडील ते करत. दोघांचं इंग्रजी सारखंच मोडकं, त्यामुळे दोस्ती जमली. पत्र आलं की वेंकोबराव ते जेवताना बायकोला आणि लहानग्या वीणाला घरच्या बोलीत सांगायचे. समुद्राचा वारा सुटला की चेंडू कसा वाकडा जायचा आणि बाहेरगावच्या संघांना ते कसं उमगायचं नाही. वडिलांच्या काळात वादळानं प्रेक्षकांवरचं छप्पर कसं उडालं. रेषा मारल्यावर पाऊस आला की मीगेल आभाळाकडे बघून कसा शिव्या घालायचा... वीणा पुढं मला म्हणाली होती की बरीच वर्षं तिला ते मैदान चामुंडीच्या टेकडीपलीकडेच कुठंतरी आहे असं वाटायचं.

मग ते मैदान पाडलं. जवळच नवं, मोठं स्टेडियम बांधलं आणि जुन्याच्या जागी बाग केली. मीगेलनं कळवलं की पाडताना माणसं येऊन गवताचे तुकडे घेऊन गेली, त्यानं मात्र काही घेतलं नाही. त्याच्या शेवटच्या पत्रात होतं की इथं ज्यांना आठवतं ते सगळे म्हातारे झालेत, माझ्याकडे लिहिणारं कुणी नाही, तुझ्याकडे सगळी पत्रं आहेत, तू लिही. त्यानंतर त्याच्याकडून काही आलं नाही. वेंकोबरावांनी निवृत्तीनंतर वही काढली आणि त्या मैदानाचा इतिहास मराठीत लिहायला घेतला. कन्नडमध्ये का नाही, असं मी विचारलं. कन्नड ते उत्तम लिहायचे. ते म्हणाले, "हे सगळं मी घरात सांगितलेलं ना, टीचर. मग घरातल्यासारखंच यायला पाहिजे, अल्वा, हो की नाही?"

मी हे वाक्य ऐकलं आणि सोडून दिलं. ते माझ्या डोक्यात शिरलं असतं तर पुढचं घडलं नसतं.

एका दुपारी त्यांनी दोन जाड वह्या माझ्यापुढं ठेवल्या. "स्वल्पा बघा. चुका असतील." मास्तरीण बाईला एवढं पुरे! मी लाल पेन काढलं. मैदान पाडल्यानंतरच्या प्रकरणात त्यांनी लिहिलं होतं: "आता तिथं पार्क केलेत. मीगेल पार्कात चालतो, चालतो, एका जागेला थांबतो. का? अंद्रे तिथं कॉर्नरचा झेंडा होता. लोक बघतात, हे म्हातारं का थांबलं करून. पापा." हे एवढंच मला आज तोंडपाठ आहे. (कन्नड 'अंद्रे' म्हणजे आपलं 'म्हणजे', आणि 'पापा' म्हणजे 'बिचारा'.) त्यावर मी काट मारली आणि वर लिहिलं, "उद्यानात फेरफटका मारताना मीगेल एका विशिष्ट स्थळी क्षणभर स्तब्ध होत असे." त्यांनी वाचलं. चष्मा काढून पुसला. "स्तब्ध अंद्रे थांबलाच ना? मग थांबला लिहिलं तर?"

"बोलताना चालतं, वेंकोबराव. पुस्तकात नाही चालत."

"आयतु, ठीक," ते म्हणाले. त्यांनी वाद घातलाच नाही. घातला असता तर मी ऐकलं असतं का, कोण जाणे... मला नाही वाटत. चार महिने मी दर गुरुवारी जात होते आणि पानामागून पान सुधारत होते. ते पोस्टातल्या सवयीच्या टपोऱ्या अक्षरात सगळं नव्या वहीत उतरवून काढायचे. लिहिलेलं सगळं उतरवून झालं तेव्हा मीच म्हटलं, आता त्या जुन्या वह्या रद्दीत टाका, दोन प्रती राहिल्या की घोळ होतो. पुढच्या गुरुवारी त्या टेबलावर नव्हत्या. मला बरं वाटलं. शेवटचं प्रकरण अजून लिहायचं होतं, पण त्यानंतर ते नुसते टाळत राहिले. डोळे दुखतात म्हणायचे. वयच झालंय, असं मी घरी सांगितलं.

गेल्या रविवारी वीणानं बोलावलं. ती एका ऑफिसात काम करते, फोनवर दिवसभर कन्नड आणि इंग्रजी. देवनागरी तिला अडखळत येते. "टीचर, अप्पांची वही वाचून दाखवता? त्यांचा आवाज विसरायच्या आत ऐकायचाय," म्हणाली. तिनं कॉफी केली, अप्पांच्या खुर्चीत न बसता जमिनीवर भिंतीला टेकून बसली, डोळे मिटले. मी वाचायला लागले. माझे उच्चार चांगले आहेत, वर्गात मुलं टाचणी पडली तर ऐकू येईल इतकी शांत बसायची. समुद्रावरून येणारे वारे, वादळाने उद्ध्वस्त झालेले छत, मीगेलची कर्तव्यनिष्ठा... एक पान झालं, दोन झाली. तिसऱ्या पानावर तिनं डोळे उघडले. ती माझ्याकडे कुणीतरी घर चुकून आत आलंय अशा नजरेनं बघत होती.

"जुन्या वह्या कुठं आहेत, टीचर? अप्पांनी दोन भरल्या होत्या. मी बघितल्यात."

मी सांगितलं. सगळंच सांगितलं, रद्दीचंसुद्धा. मीगेलच्या थांबण्याची ती वाक्यं आठवत होती, तेवढी तरी तिला द्यावीत म्हणून मी म्हणून दाखवायला गेले. 'अंद्रे' माझ्या तोंडातून असं आलं की मी नक्कल करतेय असं वाटलं. मी मधेच थांबले. वीणा रडली नाही. अगदी सभ्यपणे म्हणाली, "चेन्नागिदे, टीचर. छान लिहिलंय. पण हे तुम्ही लिहिलंय, अल्वा?"

मी हो म्हणाले.

तिनं कप उचलले, विसळले, मला रिक्षा बोलावून दिली. दारात मी चपला घालत होते तेव्हा ती आतून वेंकोबरावांची वही घेऊन आली, दोन्ही हातांनी नीट धरून, आणि माझ्या पिशवीत घातली.