एक स्टूल कमी

शिक्क्याच्या शाईचा वास आला की मला अकलूजची बदली आठवते. आई तिथं अंथरुणाला खिळली होती आणि सोलापूरच्या कार्यालयानं कार्यमुक्त केल्याशिवाय मला तिकडे हजर होता येत नव्हतं. साहेब म्हणाले, "बदली कुणी का करंना, कार्यमुक्त मी करणार. तुमच्या ताब्यातल्या सामानात एक स्टूल कमी हाय, आधी ते हुडका." नवी पेठेतून नवं आणून दिलं, तर म्हणाले, "हे न्हवं, नोंदीतलं पायजे." पत्र मिळालं तेव्हा आईचा दहावा उरकला होता. आता बढतीवर त्याच कार्यालयात परत आलेय, आणि कार्यमुक्तीची पत्रं मी काढते. आज साहेबांची त्यांच्या गावी बदली झालीय, आणि माझ्यानंतर ते सामान ताब्यात घेतल्याची यादीवरची सही त्यांचीच आहे, स्टुलासकट. मी म्हटलं, "साहेब, स्टूल हुडका की."