आप्पांची न चुकलेली कात्री

आप्पांची, म्हणजे चित्रपट-संकलक आणि चित्रकार मल्लिकार्जुन नेसरीकर यांची, आणि माझी पहिली भेट नव्वदच्या दशकाच्या अखेरीस त्यांच्या राजारामपुरीतल्या खोलीत झाली. एका भिंतीला नाटकाचा अर्धा रंगवलेला पडदा होता, दुसऱ्या बाजूला फिल्म जुळवण्याचे टेबल. मी हुपरीचा, नववीत शाळा सोडलेला. चित्रपटांच्या नामावल्या लिहिण्याचे काम मागायला गेलो होतो. माझे अक्षर पाहून ते म्हणाले, "अक्षर बरं हाय. हात कशानं थरथरतोय?"

"भीतीनं," मी म्हणालो.

"मग बस. बेफिकिराच्या हातात मी फिल्म देत न्हाय."

आप्पा कुठल्याही स्टुडिओला बांधले गेले नाहीत. सकाळी संकलन, दुपारी पोस्टर, एखाद्या नाटकात तबलजी आला नाही तर तबलाही. चित्रपटातून वगळलेला तुकडासुद्धा ते गुंडाळून, चिठ्ठी लावून ठेवत. "ह्योबी कुणीतरी उन्हात उभं राहून घेतलाय," म्हणत.

पुढे दिग्दर्शिका सुलभाताईंनी हुपरीच्या पैंजण-कारागिरांवर माहितीपट केला. त्याची निगेटिव्ह, म्हणजे मूळ फिल्म, कापायचे काम आप्पांनी माझ्यावर सोपवले. माहितीपटात एका वृद्ध कारागीर बाईंचा हसरा चेहरा विरत विरत पैंजणात मिसळायचा होता. त्यासाठी कापायच्या खुणेपुढची हातभर निगेटिव्ह राखावी लागते. मी फिल्मच्या कडेवरचे आकडे तीनदा तपासले आणि तरी ती अगदी खुणेवर, नीटनेटकी कापली. कापलेली निगेटिव्ह जोडली तरी पडद्यावर चित्र उडी मारते. पुन्हा चित्रण करावे तर त्या बाई महिन्यापूर्वीच वारल्या होत्या.

मी आप्पांना सांगितले. ते रागावले नाहीत. बराच वेळ तो चेहरा पाहत राहिले, मग शाईने त्या बाईंचे पैंजण ओवणारे हात काढले. ते चित्र कॅमेऱ्याने टिपून चेहरा आणि पैंजण यांच्यामध्ये बसवले.

माहितीपट पाहताना सुलभाताई थबकल्या. "आप्पा, चेहरा विरायचा होता की!"

"कात्री चुकली माझी, ताई. वय झालं."

"वय? काल शिडीवर चढून पडदा बांधलासा, तवा न्हाय आठवलं वय?" त्यांनी ते दृश्य पुन्हा लावायला सांगितले. दुसऱ्यांदा पाहून डोळे पुसले. "ऱ्हाऊ दे. हात तिचंच हायती."

त्या गेल्यावर मी घरी जायला निघालो. परत यायचे नाही, असे ठरवूनच. आप्पांनी ब्रश धुता धुता विचारले, "उद्या किती वाजता येणार?"

मी चपला पायात सरकवल्या.

"नवाला ये. आणि ही कात्री घेऊन जा, धार लावून आण."

त्यांनी माझे नाव कधीच कुणापुढे काढले नाही. सुलभाताईंना आजही वाटते, चूक आप्पांची होती. म्हणून इथे लिहितो: ती कात्री माझ्या हातात होती. आप्पांनी हा लेख आधी वाचला तर नेमके हेच वाक्य कापतील, तेव्हा गौरव अंकाच्या समितीने तो त्यांना छापण्यापूर्वी दाखवू नये, ही नम्र विनंती.

साठी पूर्ण करणाऱ्या आप्पांना उदंड आयुष्य लाभो, त्यांची नजर आणि हात असेच शाबूत राहोत. आणि पंचाहत्तरीच्या सोहळ्याआधीही त्यांनी मला बजावावे, "नवाला ये. येताना कात्री आण."